आपल्या लाव्ह्याचा ज्वालामुखी कुठे आहे?

वऱ्हाडातल्या कोणत्याही शाळेत भूगोलाच्या तासाला एक वाक्य हमखास येते : ‘लाव्हारसापासून बनलेल्या खडकाची झीज होऊन काळी कसदार जमीन तयार झाली.’ मुले ते वाक्य पाठ करतात, परीक्षेत लिहितात. पण एखादा चौकस विद्यार्थी विचारतो, ‘मग तो ज्वालामुखी कुठे आहे?’ अकोल्याहून किंवा अमरावतीहून उत्तरेकडे गेले की मेळघाटाचे डोंगर लागतात. पुस्तकातल्या चित्रासारखा, शंकूच्या आकाराचा आणि माथ्यावर विवर असलेला डोंगर त्यांत एकही नाही. शेजारच्या बुलढाणा जिल्ह्यातले लोणार सरोवर विवरासारखे दिसते खरे. पण ते ज्वालामुखीचे नसून उल्केच्या आघाताने झालेले आहे.

हा प्रश्न टाळण्यासारखा नाही. त्याच्या उत्तरावर आपल्या विहिरींचे पाणीही अवलंबून आहे, हे पुढे दिसेल. पण आधी एका जिवंत ज्वालामुखीवर मनाने जाऊन येऊ. तिथे जे पाहू, त्याच्या आधारे नरनाळ्याचा डोंगर वाचता येईल.

भट्टीच्या शिखरावर

हिंदी महासागरात, मादागास्करच्या पूर्वेला रेयुनियों नावाचे एक फ्रेंच बेट आहे. त्यावरच्या २,६३२ मीटर उंचीच्या ज्वालामुखीचे नाव आहे पितों द ला फुर्नेज, म्हणजे ‘भट्टीचे शिखर’. जगातल्या सर्वांत क्रियाशील ज्वालामुखींत त्याची गणना होते. तो शांत असतो तेव्हा पुष्कळ लोक त्यावर चढतात. डोंगरावरच्या विश्रामगृहात रात्री मुक्काम करायचा, पहाटे अंधारात निघायचे आणि ढग चढण्याच्या आत माथा गाठायचा, अशी पद्धत आहे. सुमारे २,३०० मीटर उंचीवरच्या कड्यावरून पायऱ्या उतरल्या की लाव्ह्याचे काळे मैदान लागते. तिथे झाड नाही, पाणी नाही. खडकावर रंगवलेल्या पांढऱ्या खुणा पाहत पुढे जायचे. कुठे खडक दोराच्या वेटोळ्यांसारखा गुळगुळीत, तर कुठे पायताण फाडील असा खडबडीत. दोन्ही खडक एकाच जातीच्या लाव्ह्याचे. पातळ रस संथपणे वाहून वर साय धरली की पहिला प्रकार होतो. रस घट्ट होत गेला किंवा वेगाने ओढला जाऊन साय फाटत गेली की दुसरा.

उद्रेक सुरू झाला की हे मैदान रिकामे करून वाट बंद केली जाते. मग लोक सुरक्षित कड्यावरून, तेही बहुधा रात्री, लाव्हा पाहतात.

रात्रच का?

याचे उत्तर लोहाराच्या भट्टीत आहे. तापत जाणारे लोखंड सुमारे ५०० अंश सेल्सियसच्या पुढे अंधारात मंद लाल दिसू लागते, मग लालभडक, नारिंगी आणि शेवटी पिवळसर होते. तापलेला खडकही तसाच वागतो. बाहेर पडणाऱ्या बेसाल्टी लाव्ह्याचे तापमान १,१०० ते १,२०० अंश असते, म्हणून तो पिवळसर नारिंगी दिसतो. हवा लागताच त्याच्यावर काळी साय धरते. दिवसाउजेडी ही साय थंड खडकासारखी दिसते. रात्री मात्र तिच्या भेगांतून आतली लाली फुटते. गरम काय आणि थंड काय, हे अंधारात डोळ्यांनाच कळते.

खडक उष्णतेचा मंद वाहक आहे, हेही इथे लक्षात घ्यावे. साय थोडी जाड झाली की वरून माणूस चालू शकेल इतकी ती निवते, पण आत रस वाहतच असतो. त्यामुळे लाव्हा दूरवर वाहू शकतो. आणि त्यामुळेच ताज्या लाव्ह्यावर पाय ठेवणे जिवावर बेतू शकते.

वाटाड्या कशावर लक्ष ठेवतो?

जिवंत ज्वालामुखीवर वाटाड्याशिवाय जाऊ नये, असे म्हणतात. त्याचे काम केवळ वाट दाखवणे नव्हे. तो वाऱ्याची दिशा पाहतो, कारण ज्वालामुखीतून गंधकाचा डायऑक्साइड बाहेर पडतो व दम्याच्या रोग्याला तो थोडाही सोसत नाही. तो लोकांना खोलगट जागी बसू देत नाही, कारण कार्बन डायऑक्साइड हवेपेक्षा जड असल्याने तिथे साचतो, आणि त्याला वास नसतो. तो गरम कपडे तपासतो. ग्वातेमालातल्या आकातेनांगो या सुमारे ४,००० मीटर उंच डोंगरावर लोक रात्रीच्या मुक्कामाला जातात, ते शेजारच्या फुएगो ज्वालामुखीचे स्फोट पाहण्यासाठी. तिथे जानेवारी २०१७ मध्ये सहा गिर्यारोहक मरण पावले, ते लाव्ह्याने नव्हे, थंडीने.

पण वाटाड्याच्या डोळ्यांनाही मर्यादा आहे. जमिनीखालचे पाहायला यंत्रे लागतात. रेयुनियोंवर १९७७ साली लाव्हा एका वस्तीत शिरला. त्यानंतर तिथे वेधशाळा उभारली गेली. शिलारस वर सरकू लागला की खडक फुटून लहान लहान भूकंप होतात आणि जमीन किंचित फुगते. भूकंपमापक व उतारमापक हे टिपतात आणि इशारा देता येतो.

मात्र प्रत्येक स्फोट शिलारसाचा नसतो. कधी तापलेल्या खडकातल्या पाण्याचीच वाफ होते. साध्या हवेच्या दाबाला पाण्याची वाफ झाली की आकारमान सुमारे १,७०० पट होते. झाकण घट्ट असेल तर काय होईल, हे प्रेशर कुकर वापरणाऱ्याला सांगायला नको. जपानमधल्या ओनताके पर्वतावर २७ सप्टेंबर २०१४ रोजी दुपारी बाराच्या सुमारास असाच स्फोट झाला. शनिवार होता, माथ्यावर गर्दी होती. ५८ जण मेले व ५ जण सापडलेच नाहीत. त्या दिवशी इशाऱ्याची पातळी सर्वांत खालची होती. उलट इंडोनेशियातल्या मारापी ज्वालामुखीच्या विवरापासून तीन किलोमीटरच्या आत जाऊ नये अशी सूचना होती. तरी ३ डिसेंबर २०२३ च्या उद्रेकात २४ गिर्यारोहकांचा बळी गेला. एका ठिकाणी विज्ञान कमी पडले, दुसऱ्या ठिकाणी विज्ञानाने सांगितलेले मानले गेले नाही. विद्यार्थ्यांशी या दोन घटनांवर अवश्य चर्चा करावी.

काही फुटतात, काही वाहतात

ज्वालामुखी फुटणार की वाहणार हे मुख्यतः दोन गोष्टींवर ठरते : रसाचा घट्टपणा आणि त्यात विरघळलेला वायू. रसात सिलिका जास्त, म्हणजे ७० टक्क्यांच्या आसपास असेल तर तो गुळाच्या पाकासारखा चिकट होतो. वायू त्यात अडकतो आणि शेवटी स्फोट होतो. सिलिका ५० टक्क्यांच्या आसपास असेल तर रस पातळ असतो, वायू सहज निसटतो आणि रस वाहत जातो. असा लाव्हा म्हणजे बेसाल्ट. रेयुनियोंचा खडक बेसाल्ट आहे. आपल्या घराच्या जोत्याचा काळा दगडही बेसाल्टच.

पातळ लाव्हा डोंगराच्या एका तोंडातूनच यावा असे नाही. जमिनीला लांबच लांब भेग पडून तिच्यातूनही तो वर येतो. आइसलँडमध्ये १७८३ साली लाकी येथे सुमारे २७ किलोमीटर लांबीच्या भेगेतून आठ महिने लाव्हा येत राहिला. त्याच्या वायूंनी गवत विषारी झाले, गुरे मेली, दुष्काळ पडला आणि तिथली सुमारे एक पंचमांश माणसे दगावली. आपल्या दख्खनमध्ये झाले ते याच जातीचे, पण कितीतरी पट मोठे. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी, काही लाख वर्षांच्या अवधीत भेगांतून थरावर थर पसरत गेले. झीज होऊनही आज त्यांनी सुमारे पाच लाख चौरस किलोमीटर प्रदेश व्यापला आहे. आपल्याला शंकू सापडत नाही तो यामुळे. पातळ रस दूरवर पसरला, त्याचा ढीग झाला नाही.

आता नरनाळा

अकोटच्या उत्तरेला शहानूरवरून नरनाळ्याला जाता येते. हा भाग मेळघाट व्याघ्र प्रकल्पात मोडतो. त्यामुळे वनखात्याची परवानगी घ्यावी, ठरलेल्या वेळेतच जावे व सोबत माहीतगार वाटाड्या असावा. रात्रीच्या चढाईचा विचारही करू नये. इथे धोका लाव्ह्याचा नाही, वन्य प्राण्यांचा आहे.

पायथ्यापासून डोंगराकडे पाहिले की कडे आणि सपाट्या यांच्या पायऱ्या दिसतात. दख्खनच्या खडकाला ‘ट्रॅप’ म्हणतात, तो शब्दच पायरी या अर्थाच्या स्वीडिश शब्दावरून आला. प्रत्येक थराचा मधला भाग सावकाश निवला, म्हणून तो घट्ट आहे आणि त्याचा कडा होतो. वरच्या भागात वायूचे बुडबुडे अडकले. तो सच्छिद्र भाग लवकर झिजतो आणि सपाटी होते. या छिद्रांत पुढे पाण्यातून आलेली पांढरी, चमकदार खनिजे भरली. त्यांतली बरीच झिओलाइट गटातली आहेत.

काही ठिकाणी दोन थरांच्या मध्ये लाल मातीचा पट्टा दिसतो. तो नीट पाहावा. एक थर पसरल्यावर त्याची झीज होऊन माती बनण्याइतका काळ गेला आणि मग पुढचा लाव्हा आला, असे तो सांगतो. म्हणजे दोन उद्रेकांमध्ये विश्रांती होती. नागपूरजवळ टाकळी येथे थरांमधल्या अशा जागी गोड्या पाण्यातल्या गोगलगाईंचे व वनस्पतींचे जीवाश्म मिळाले आहेत. लाव्ह्याच्या दोन लोंढ्यांमध्ये तिथे तळी होती व त्यांत जीव नांदत होते.

ज्वालामुखी गेला कुठे?

खरे म्हणजे ज्वालामुखी गेला नाही, आपण सरकलो. भारताची भूमी त्या काळी दक्षिण गोलार्धात होती. थंड होताना बेसाल्टमधल्या लोहखनिजांनी पृथ्वीच्या चुंबकत्वाची जी दिशा टिपून ठेवली, तिच्यावरून हे कळते. बहुतेक शास्त्रज्ञांच्या मते भूमीच्या खाली खोलवर एक तप्त स्थान होते. भारत उत्तरेकडे सरकत गेला आणि त्या स्थानावरून जाताना मागे ज्वालामुखींची माळ पडली : लक्षद्वीप, मालदीव, चागोस, मॉरिशस. दक्षिणेकडे जावे तसे खडकांचे वय कमी होत जाते. १९८७ साली समुद्रतळाशी केलेल्या खोदकामातून याला दुजोरा मिळाला. माळेचे शेवटचे टोक म्हणजे रेयुनियों. आपण मनाने जिथे रात्र काढली, तोच आपल्या लाव्ह्याचा आजचा वारस.

विहिरीला पाणी का नाही?

सातपुड्याच्या या भागाच्या दक्षिण कडेला गाविलगड प्रस्तरभंग आहे. त्याच्या दक्षिणेची जमीन खचली आणि त्या खोलगट भागात पूर्णा व तिच्या उपनद्यांनी गाळ भरला. काही ठिकाणी हा गाळ ३०० मीटरहून जाड आहे. चिखलदऱ्याला सुमारे १,१०० मीटर उंचीवर जो लाव्हा दिसतो, तसलाच इथे गाळाखाली गाडलेला आहे.

डोंगराळ व खडकाळ भागातल्या विहिरीला पाणी लागते ते मुरुमात, भेगांत किंवा दोन थरांच्या सांध्यात. घट्ट काळा पाषाण लागला की आणखी कितीही सुरुंग लावले तरी भेग मिळेपर्यंत खर्च वाया जातो. गाळाच्या पट्ट्यात अडचण निराळी : पाणी असते, पण खारे. हाच खारपाणपट्टा. एका गावाला जो उपाय लागू पडतो, तो वीस किलोमीटरवरच्या गावाला पडत नाही. कारण दोन गावांच्या पायाखालचा इतिहास वेगळा आहे.

वर्गात करण्यासारखे

१. एका ताटलीत पाणी व दुसऱ्या ताटलीत गुळाचा घट्ट पाक घ्या. नळीने दोहोंत फुंकर घाला. बुडबुडे कुठे सहज निसटतात आणि कुठे फुटून शिंतोडे उडतात ते पाहा. पाक निवलेला असावा.

२. अकोल्यापासून रेयुनियोंचे अंतर सुमारे ५,००० किलोमीटर आहे. ६ कोटी ६० लाख वर्षांनी भागा. वर्षाला साधारण साडेसात सेंटीमीटर येतील. हा ढोबळ सरासरी वेग आहे. पूर्वी तो जास्त होता व पुढे मंदावला.

३. संरक्षित जंगलातून दगड आणू नका. त्याऐवजी गावात नवीन खोदलेल्या विहिरीच्या ढिगातून नमुने घ्या. विहीर खोदणाऱ्यांना विचारून किती हातांवर काय लागले याची नोंद करा : माती, मुरूम, सच्छिद्र दगड, लाल पट्टा, काळा पाषाण, आणि पाणी नेमके कुठे. पाच-सहा विहिरींच्या नोंदी एकाच कागदावर शेजारी शेजारी उभ्या काढल्या की गावाखालचे लाव्ह्याचे थर मुलांनी स्वतः शोधलेले असतील. तो कागद ग्रामपंचायतीत द्यावा. पुढची विहीर कुठे खोदायची याची चर्चा निघेल तेव्हा तो उपयोगी पडेल.