नोंदणीचा तिसरा रकाना

धावणे हा सर्व क्रीडाप्रकारांत अत्यंत निष्कांचन प्रकार होय. त्याला साहित्य लागत नाही, सवंगडी लागत नाहीत, आणि मोकळा रस्ता असला की क्रीडांगणाचीही अपेक्षा उरत नाही. तथापि धावणारा माणूस शर्यतीत उतरावयाचे म्हणू लागला की त्याला प्रथम नोंदणीच्या मेजापुढे उभे राहून नाव, वय आणि लिंग यांची जबानी द्यावी लागते, आणि धावण्याच्या या मुक्त व्यवहारावर दफ्तराचा अंमल सुरू होतो. या दफ्तरात आरंभी एकच रकाना होता, तो पुरुषांचा. १९२८ च्या ॲमस्टरडॅम ऑलिंपिकमध्ये स्त्रियांची ८०० मीटरची शर्यत प्रथमच झाली, परंतु शर्यतीअखेर काही धावपटू थकलेल्या दिसल्या एवढ्या सबबीवर ती जी बंद पडली ती १९६० मध्येच पुन्हा सुरू झाली. बोस्टन मॅरेथॉनने स्त्रियांना रीतसर प्रवेश दिला तो १९७२ मध्ये, आणि ऑलिंपिकमध्ये स्त्रियांची मॅरेथॉन आली ती १९८४ मध्ये.

बोस्टनला हा मज्जाव जारी असताना ज्या मोजक्या स्त्रिया तो न जुमानता धावल्या, त्यांत पॅट्रिशिया नेल वॉरन ही अमेरिकन लेखिका होती. तिने १९७४ मध्ये ‘द फ्रंट रनर’ ही कादंबरी प्रसिद्ध केली. लांब पल्ल्याचा एक समलिंगी धावपटू आणि त्याचा प्रशिक्षक यांची ती कथा इतकी वाचली गेली की सॅन फ्रान्सिस्कोतील समलिंगी धावपटूंच्या मंडळाने तिच्यावरून ‘फ्रंट रनर्स’ हे नाव धारण केले, आणि त्या नावाची मंडळे आज जगातील अनेक शहरांत आहेत. एका रकान्याबाहेर ठेवल्या गेलेल्या स्त्रीने दुसऱ्या रकान्याबाहेरच्यांची कैफियत मांडावी, हा योगायोग खचितच नव्हे.

याच परंपरेतील आजचे ठळक नाव निकी हिल्ट्झ यांचे. कॅलिफोर्नियातील सांताक्रूझ येथे १९९४ मध्ये जन्मलेल्या आणि १५०० मीटरच्या मध्यम पल्ल्यात निष्णात असलेल्या हिल्ट्झ यांनी ३१ मार्च २०२१ रोजी, म्हणजे पारलिंगी व्यक्तींच्या दृश्यतेचा म्हणून पाळल्या जाणाऱ्या दिवशी, आपण पारलिंगी आणि नॉन-बायनरी आहोत, स्त्री किंवा पुरुष यांपैकी कोणत्याही एका कोटीत आपली ओळख मावत नाही, असे जाहीर केले. त्यानंतर २०२३ मध्ये मोनॅको येथे त्यांनी ४ मिनिटे १६.३५ सेकंदांत एक मैल पार करून मेरी स्लेनी यांचा १९८५ पासून अबाधित असलेला अमेरिकन विक्रम मोडला. ३० जून २०२४ रोजी यूजीन येथे ऑलिंपिक निवडचाचणीची १५०० मीटरची अंतिम शर्यत ३ मिनिटे ५५.३३ सेकंदांत जिंकली, आणि हा विजय आपल्या एकट्यापुरता नसून आपल्या समुदायाचा आहे अशा आशयाचे उद्गार काढले. पॅरिसच्या अंतिम शर्यतीत त्यांना सातवे स्थान मिळाले.

परंतु या विक्रम-विजयांहून अधिक मननीय आहे ती हिल्ट्झ यांची भूमिका. त्या भूमिकेचे दोन भाग आहेत, आणि ते परस्परविरोधी नाहीत. स्पर्धेत हिल्ट्झ जन्मनोंदीप्रमाणे स्त्रियांच्या गटातच भाग घेतात आणि त्या गटाचे नियम पाळावयाचे म्हणून संप्रेरकांचा उपचार त्यांनी लांबणीवर टाकला आहे. स्पर्धेबाहेर मात्र २०२० मध्ये, महामारीने शर्यती बंद असताना, त्यांनी ‘प्राइड ५के’ हा उपक्रम सुरू केला, ज्यात कोणीही आपापल्या गावी पाच किलोमीटर धावावे आणि जमलेला निधी एलजीबीटीक्यू तरुणांना आत्महत्येपासून परावृत्त करणाऱ्या ‘ट्रेव्हर प्रोजेक्ट’सारख्या संस्थेला जावा अशी योजना आहे. जिथे निर्णय सेकंदाच्या शतांशावर होतो तिथे नियमाचे बंधन स्वीकारावे, आणि जिथे केवळ सहभागाचा प्रश्न आहे तिथे दार सताड उघडे ठेवावे, असा हा विवेक आहे.

या विवेकाचे मोल कळण्यासाठी प्रतिपक्षाचे म्हणणेही ऐकले पाहिजे. १५०० मीटरचा पुरुषांचा विश्वविक्रम ३ मिनिटे २६ सेकंद, तो हिशाम अल गरूज यांनी १९९८ मध्ये केला. स्त्रियांचा विक्रम ३ मिनिटे ४८.६८ सेकंद, तो फेथ किपयेगॉन यांनी २०२५ मध्ये प्रस्थापित केला. हे साडेबावीस सेकंदांहून मोठे अंतर मुख्यत्वे पौगंडावस्थेतील संप्रेरकांचे कार्य होय, आणि स्त्रियांचा स्वतंत्र गट नसता तर किपयेगॉन यांचे नावही कोणास ठाऊक झाले नसते. याच आधारावर जागतिक ॲथलेटिक्स संघटनेने मार्च २०२३ मध्ये पुरुषी पौगंडावस्थेतून गेलेल्या पारलिंगी स्त्रियांना जागतिक क्रमवारीच्या स्पर्धांतील स्त्रीगटातून वगळले, आणि सप्टेंबर २०२५ पासून त्या गटासाठी एकदाच करावयाची जनुकचाचणी सक्तीची केली. न्याय्यतेची ही चिंता पोकळ नाही. परंतु तिचे ओझे कोणाच्या देहावर पडते हे भारताइतके कोणाला ठाऊक असणार? तमिळनाडूच्या शांती सौंदरराजन यांनी २००६ च्या दोहा आशियाई स्पर्धेत ८०० मीटरचे रौप्यपदक मिळवले, आणि लिंगचाचणीनंतर ते काढून घेतले गेले. ओडिशाच्या द्युती चंद यांना संप्रेरकांच्या नियमाविरुद्ध क्रीडा लवादाकडे दाद मागावी लागली, २०१५ मध्ये तो नियम स्थगित झाला, आणि २०१९ मध्ये त्यांनी आपले समलिंगी नाते जाहीर केले. शांतींचा प्रश्न देहरचनेचा, द्युतींचा काही अंशी देहाचा आणि काही अंशी प्रेमाचा, तर हिल्ट्झ यांचा आत्मओळखीचा. हे तीन प्रश्न भिन्न आहेत, आणि त्यांची सरमिसळ केल्यानेच वाद विनाकारण कडवट होतो.

लांब पल्ल्याच्या शर्यतींत या गोंधळातून वाट काढणे इतर खेळांच्या मानाने सोपे आहे. न्यूयॉर्क मॅरेथॉनमध्ये सुमारे पन्नास हजार माणसे धावतात. त्यांतील मूठभर पारितोषिकासाठी धावतात, बाकी सारी स्वतःच्या कालच्या वेळेशी झुंजत असतात. म्हणूनच या मॅरेथॉनने २०२१ मध्ये नोंदणीत नॉन-बायनरी हा तिसरा पर्याय दिला आणि पुढील वर्षी त्या गटाला पारितोषिकेही ठेवली, तेव्हा कोणत्याही स्त्रीचे पदक हिरावले गेले नाही. २०२३ मध्ये बोस्टन आणि लंडन यांनीही हीच मुभा दिली. ज्या बोस्टनने स्त्रियांसाठी दुसरा रकाना उघडण्यास १९७२ साल उजाडू दिले, त्याच बोस्टनने तिसरा उघडण्यास एवढा विलंब लावला नाही, हे नमूद करण्यासारखे आहे.

मुंबईची मॅरेथॉन असो, साताऱ्याची डोंगरवाटेवरील अर्धमॅरेथॉन असो, की तालुक्याच्या गावी रविवारी भरणारी दहा किलोमीटरची दौड असो, हौशी धावपटूंची नोंदणी आयोजकांच्या अखत्यारीतील बाब आहे. अव्वल स्पर्धकांच्या पात्रतेचा फैसला जागतिक संघटनेने करावा. पण पहाटे बूट बांधून उगाच धावावेसे वाटणाऱ्या माणसाला आपली खोटी ओळख लिहावयास लावू नये, एवढे करण्यासाठी कोणाच्याही हुकमाची प्रतीक्षा करण्याचे कारण नाही.