पानात बांधलेले जेवण : शिबिरातील निखाऱ्यावरचा स्वयंपाक

विद्यालयाचे माजी विद्यार्थी भेटीस आले की प्रथम अभ्यासाच्या आठवणी निघतात, मग खेळाच्या, आणि शेवटी हटकून हिवाळी शिबिरातील त्या एका रात्रीचा विषय निघतो. त्या रात्री भोजनगृह बंद असते. प्रत्येक विद्यार्थी आपले जेवण आपल्या हाताने पानात बांधतो, निखाऱ्यांवर ठेवतो आणि जे निघेल ते खातो. एरवी वर्षभर सर्वांना एकाच पातेल्यातून, एकाच पळीने वाढले जाते. निवासी विद्यालयात ते तसेच असावयास हवे. परंतु त्या जेवणात मीठ कमी पडले तर आचाऱ्याकडे पाहता येते. शिबिराच्या रात्री पाहण्यास कोणी नसते. या स्वयंपाकाची रीत आणि तिच्यामागील शास्त्र एकदा लिहून ठेवावे, अशी मागणी पुष्कळ दिवसांची होती. ती या स्मरणिकेच्या निमित्ताने पुरी करीत आहोत.

आरंभीच कबूल केले पाहिजे की आमच्या पहिल्या प्रयत्नाची फजिती झाली. स्काऊटच्या शिबिरांत ‘बिनभांड्यांचा स्वयंपाक’ असतो, एवढे ऐकून आम्ही ॲल्युमिनियम फॉइलची गुंडाळी आणली, अख्खे बटाटे आणि जाड कापलेली गाजरे तिच्यात बांधली आणि भडकलेल्या शेकोटीत टाकली. वीस मिनिटांनी पुड्या बाहेर काढल्या तेव्हा साल कोळसा झाली होती आणि आत बटाटा कच्चाच होता. धाकटी मुले रडकुंडीस आली. रात्री अकरा वाजता भोजनगृह उघडून सर्वांना पोहे करून घालावे लागले. दुसऱ्या दिवशी स्वयंपाकघरातील मावशींनी एका वाक्यात आमची चूक सांगितली : ‘‘पोरांनू, जाळार नको, इंगळार ठेवा.’’

जाळ आणि इंगळ यांतील भेद हाच या सर्व विद्येचा पाया आहे. लाकूड तापले की त्यातून ज्वालाग्राही वायू सुटतात. ज्वाला म्हणजे ते जळणारे वायू. त्यांची उष्णता वर निघून जाते, वाऱ्याबरोबर इकडेतिकडे हलते, आणि मध्ये येणाऱ्या वस्तूवर काजळी धरते. हे वायू संपले म्हणजे मागे कोळसा उरतो. तो ज्वालेवाचून, संथपणे जळतो आणि चहूबाजूंस सारखी धग देतो. म्हणून शेकोटी पेटवल्यावर किमान तासभर थांबावे लागते. मुलांच्या धीराची खरी कसोटी हीच. आमच्या किनाऱ्यावर सुरूचे लाकूड मुबलक मिळते व त्याचा निखाराही चांगला पडतो. त्यावर नारळाच्या करवंट्या टाकल्या म्हणजे निखारे अधिक कडक होतात आणि पुष्कळ वेळ टिकतात. सोडणे मात्र पेटवण्यापुरतीच वापरावीत, कारण ती धुमसतात आणि धूर करतात. निखाऱ्यांवर वीतभर उंचीवर तळहात धरावा आणि सावकाश अंक मोजावेत. तीन-चार म्हणताच हात मागे घ्यावा लागला, तर धग बरोबर आहे. एक म्हणतानाच घ्यावा लागला, तर आणखी थांबावे.

आता पुडीच्या आत काय घडते ते पाहू. आपण तिच्यात पाणी घालीत नाही. भाजीत, माशात, कांद्यात असते तेच पाणी तापून वाफ होते. पुडी घट्ट बांधलेली असल्याने ही वाफ बाहेर न जाता पदार्थाच्या गार भागावर पुन्हा पाणी होऊन बसते, आणि बसताना प्रत्येक ग्रॅममागे सुमारे ५४० कॅलरी उष्णता त्यास देते. नुसत्या गरम हवेपेक्षा वाफेने अन्न झपाट्याने शिजते ते यामुळे. आतील ओलावा टिकून आहे तोवर तेथील तापमान १०० अंश सेल्सिअसच्या फारसे वर जात नाही, म्हणून अन्न करपत नाही. वेष्टन फाटले की वाफ निसटते, पदार्थ कोरडा पडतो आणि मग जळतो. थोडक्यात, येथे वेष्टन हेच भांडे आहे, आणि भांड्यास भोक असून चालत नाही.

हे भांडे आमच्या प्रदेशास नवे नव्हे. श्रावणात हळदीच्या पानात तांदळाच्या पिठाचे व गूळखोबऱ्याचे पातोळे उकडले जातात, तेव्हा घरभर दरवळणारा वास ज्याने घेतला आहे त्यास पानाचे महत्त्व सांगावयास नको. केळीच्या पानावर थापून भाजलेली पानगी कोकणात घरोघर ठाऊक आहे. गोव्यात आणि कारवारकडे फणसाच्या पानांचे खोट्टे शिवून त्यात पीठ उकडतात. पारशी कुटुंबांतील ‘पात्रा नी मच्छी’, बंगालमधील ‘पातुरी’ आणि केरळातील ‘मीन पोळ्ळिच्चतु’ ही याच कुळातील. रायगड जिल्ह्यात थंडीच्या दिवसांत जी पोपटी लावतात, ती तर मोठ्या प्रमाणावरील पुडीच म्हणावी लागेल. मडक्याच्या तळाशी भांबुर्ड्याचा पाला घालतात, त्यावर वालाच्या शेंगा, बटाटे, अंडी, मसाला लावलेली कोंबडी रचतात, तोंडही पाल्यानेच गच्च बंद करतात, मडके उपडे ठेवतात आणि भोवती जाळ करतात. पाण्याचा थेंबही न घालता सारे शिजते. तेथे जाळ चालतो, कारण मडक्याची जाड भिंत मध्ये असते. पानाच्या पुडीस ती चैन नाही.

शिबिराच्या दिवसांत, म्हणजे डिसेंबरात, हळदीची पाने वाळून गेलेली असतात. त्यामुळे आमचा भर केळीवर. ताजे पान तसेच दुमडले तर शिरेवर चिरते. ते प्रथम निखाऱ्यांवरून अलगद फिरवावे. त्यावरील मेणासारखा थर वितळतो, पान गडद व चकचकीत होते आणि कापडासारखे वळते. मधली जाड शीर कापून टाकावी. तीन थर घ्यावेत, आणि प्रत्येक थर आधीच्या थरास आडवा घालावा. बाहेरचा थर जळणार हे गृहीत धरावे, मधला करपेल, आतला हिरवट राहील. ओल्या पानातील पाणी आटेपर्यंत ते पेट घेत नाही. तेवढ्या अवधीत आपले काम व्हावयास हवे. बांधण्यास केळीच्याच सोपाची भिजवलेली दोरी घ्यावी. दोरीला किती गाठी मारल्या यावरून मुले आपली पुडी ओळखतात, आणि दोन मुलांनी सारख्याच गाठी मारल्या की जो वाद होतो तोही शिबिराचाच भाग समजावा.

पुडीतील मुख्य पदार्थ बांगडा. ओले खोबरे, सुकी मिरची, धणे व हळद यांचे वाटण, दोन-तीन तिरफळे आणि आमसुले. तिरफळाची काळी बी काढून फक्त टरफल घ्यावे, अन्यथा कडवटपणा येतो. मध्यम बांगड्यास दोन्ही बाजूंनी चिरा दिल्या तर पंधरा ते वीस मिनिटे पुरतात. मध्ये एकदा उलटावे. काट्यालगतचे मांस सहज सुटले म्हणजे तो शिजला.

येथे एका गोष्टीविषयी आम्ही कठोर आहोत. बांगडा, तारली, कुपा हे मासे उन्हात किंवा नुसत्या टोपलीत काही तास राहिले तर त्यांच्या मांसात जिवाणूंमुळे हिस्टामिन नावाचे द्रव्य तयार होते. ते एकदा झाले की शिजवून, भाजून वा तळून नाहीसे होत नाही. असा मासा खाल्ल्यावर थोड्याच वेळात तोंड लाल होणे, अंगावर पित्त उठणे, डोके दुखणे, उलटी असे प्रकार होतात. पुष्कळदा ‘मुलाला मासे सोसत नाहीत’ असे म्हणून ते विसरले जाते. म्हणून मासळी घेतली की तात्काळ बर्फात, आणि पुडी बांधण्याच्या घटकेपर्यंत बर्फातच. ज्या वर्षी बर्फाची सोय खात्रीची नसते त्या वर्षी शिबिरात मासा नसतो. मुले कितीही रुसली तरी नसतो. कोंबडी आम्ही पुडीत घालूच देत नाही. तिच्या गाभ्याचे तापमान किमान ७० अंशांपर्यंत पोचावे असे जागतिक आरोग्य संघटना सांगते, आणि अंधारात, बॅटरीच्या उजेडात, साठ निरनिराळ्या पुड्यांची तशी खात्री देणे आम्हांस शक्य वाटत नाही.

मासे न खाणाऱ्या मुलांसाठी रताळी, बटाटे, कांदा, वालाचे दाणे आणि नारळाचे काप. कंदांचे तुकडे बोटाच्या पेरापेक्षा मोठे नसावेत. आमच्या पहिल्या वर्षीच्या बटाट्यांचे पाप येथेच होते. भाजीची पुडी अर्धा तास घेते, आणि तिच्यासाठी आम्ही फॉइल अद्याप वापरतो, कारण अर्ध्या तासात पानाचे तिन्ही थर अनेकदा जळून जातात.

फॉइलविषयी मुले एक प्रश्न दरवर्षी विचारतात : चकचकीत बाजू आत ठेवावी की बाहेर? कोणतीही ठेवावी. कारखान्यात शेवटच्या लाटणीस दोन पत्रे एकत्र लाटतात. रुळांस लागलेली बाजू चकाकते आणि परस्परांस लागलेली मंद राहते, इतकाच त्याचा अर्थ. खरा विचार वेगळ्या गोष्टीचा करावयास हवा. ॲल्युमिनियमवर आंबट आणि खारट पदार्थांचा परिणाम होतो, आणि तापल्यावर तो वाढतो. चटणी, सांबार यांसारखे आंबट पदार्थ ॲल्युमिनियमच्या भांड्यात साठवू नयेत, असे भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद व राष्ट्रीय पोषण संस्था यांच्या २०२४ च्या आहारविषयक मार्गदर्शनातही म्हटले आहे. आमचा मालवणी स्वयंपाक तर आमसूल, चिंच आणि मीठ यांवाचून उभाच राहत नाही. परदेशातील शिबिरांत बटाटा व लोणी यांसाठी जे वेष्टन सोयीचे ठरते ते आमसुलात माखलेल्या बांगड्यास सोयीचे ठरेलच असे नाही. यावर आम्ही काढलेला मार्ग साधा आहे : आत केळीचे पान, बाहेर फॉइल. अन्नास धातूचा स्पर्श होत नाही, पान जळत नाही, आणि पानाचा वासही लागतो. मासा मात्र निव्वळ पानातच. हा आमचा हट्ट आहे. फॉइलमध्ये तो धुरकट वास येत नाही, असे आमचे मत आहे.

शेकोटी कोठे करावी याचा निर्णय आम्हांस दोनदा बदलावा लागला. समुद्रकिनारा सर्वांनाच हवा असतो. परंतु तांबळडेग, वायंगणी आणि इतर कित्येक किनाऱ्यांवर हिवाळ्यात ऑलिव्ह रिडले कासवे अंडी घालण्यास येतात. उजेडाने मादी बिचकून परत फिरते आणि पिल्ले समुद्राऐवजी उजेडाकडे चालू लागतात. मग सड्यावर जाऊन पाहिले. तेथे डिसेंबरात गवत वाळलेले असते आणि एका ठिणगीने वणवा लागू शकतो. अखेर भात कापून मोकळा झालेला कुणगा निवडला. त्यातील बुडखे खरवडून दहा हात जागा मोकळी करतो आणि चूल जांभ्याच्या कोरड्या चिऱ्यांची मांडतो. ओढ्यातील ओले दगड कधीही घेऊ नयेत. आतील पाणी तापून ते फुटतात व कपचे उडतात.

पुडी उघडताना तोंड मागे ठेवावे आणि पहिली घडी काडीने, आपल्यापासून दूर असलेल्या बाजूने सोडावी. अन्न शिजवणारी वाफच हात भाजते. वाळू वा माती टाकून निखारे झाकणे हा तर सर्वांत फसवा प्रकार. वरून काहीच दिसत नाही, खाली धग तासन् तास राहते, आणि सकाळी अनवाणी मुलाचा पाय नेमका तेथे पडतो. आम्ही पाणी ओततो, काठीने ढवळतो, पुन्हा ओततो, आणि हाताने चाचपल्याखेरीज जागा सोडीत नाही.

जळकी पाने आणि विझलेली राख केळीच्या बुंध्यांशी जाते. फॉइलचे तुकडे मोजून दिले जातात आणि मोजून परत घेतले जातात. दोन्ही आकडे वहीत लिहिले जातात. मागील शिबिरात ३४ दिले, ३३ आले. चौतिसावा सकाळी बांधावर सापडला, त्यात एका धाकट्या मुलाने घरी नेण्यासाठी अर्धे रताळे राखून ठेवले होते.