हजेरीपटावरची झाडे

गडचिरोली-चंद्रपूरकडच्या एखाद्या शाळेचा हजेरीपट उघडा : टेकाम, मरकाम, मडावी, आत्राम... 'आत्राम' वाचून मराठी मन लगेच 'आत्माराम' शोधू लागते. आम्हीही एकेकाळी तेच केले!

पण ही नावे गोंडी आहेत. 'टेका' म्हणजे साग, 'मरका' म्हणजे आंबा. टेकाम, मरकाम ही त्या झाडांना मानणारी कुळे. कुळाने आपले झाड तोडू नये, अशी रीत. शिवाय कुळे चार, पाच, सहा, सात अशा देवसंख्येप्रमाणे वाटलेली असतात आणि सारख्या संख्येच्या कुळांत सोयरीक होत नाही. म्हणून दाखल्यावर आडनाव 'सुधारून' लिहिले, तर नुसते अक्षर बदलत नाही, नात्याची खूणच पुसली जाते.

जर्मन नावांतही प्राणी असतात. 'वोल्फगांग'मध्ये लांडगा, 'बर्नहार्ड'मध्ये अस्वल. मात्र ती आईबापांनी एकेका मुलासाठी निवडलेली नावे. त्यांवरून सोयरीक ठरत नाही.

गोंडी ही द्रविड भाषा. सागाला तेलुगूत 'टेकु', मल्याळममध्ये 'तेक्कु' म्हणतात. मलबारच्या किनाऱ्यावरून हा शब्द पोर्तुगीजांनी उचलला आणि पुढे इंग्रजीत 'टीक' झाला. म्हणजे आलापल्लीच्या सागवनाजवळ राहणाऱ्या टेकामचे आडनाव आणि इंग्रजीच्या धड्यातला 'टीक' एकाच मुळाचे.