मनाचा सोबती

ताप आला तर माणूस लगेच सांगतो. पोट दुखले तरी सांगतो. पण मन आजारी पडले तर? आमच्या जळगाव-धुळ्याकडे बाई म्हणते, "डोकं दुखतं." बाप्या म्हणतो, "झोप लागत नाही." खरे दुखणे आतच राहते. कपाशी गेली, कर्ज तसेच उभे, की माणूस ओट्यावर नुसता बसून राहतो. लोक काय म्हणतील, ही भीती. मग भगताकडे फेऱ्या होतात. पैसा जातो, दुखणे जात नाही.

असा माणूस पहिला शब्द कुणाजवळ बोलेल? बहुधा आपल्यासारख्याजवळच. जो स्वतः त्यातून गेला, त्याच्याजवळ तर नक्की.

पुण्यात १९८६ साली डॉ. सुनंदा व अनिल अवचट यांनी मुक्तांगण हे व्यसनमुक्ती केंद्र काढले. तेथे दारू सुटलेली माणसेच पुढे नव्या रुग्णांना सांभाळू लागली. पिणाऱ्याची सबब डॉक्टरला एखादे वेळी खरी वाटेल. पण जो स्वतः त्याच सबबी सांगत होता, त्याला कोण फसवणार? गुजरातेतही सरकारी मनोरुग्णालयांत बऱ्या झालेल्या माणसांना सोबती म्हणून शिकवले गेले.

आपल्या शेजारच्या नाशिक जिल्ह्यात, पेठ तालुक्यात, २०१३ साली 'आत्मीयता' नावाचे काम सुरू झाले. पुण्याच्या इंडियन लॉ सोसायटीच्या केंद्राने ते चालवले. यात गावचेच लोक घेतले. काहींनी उदास, खचलेली माणसे हेरायची. काहींनी त्यांच्याजवळ बसायचे, चार-सहा वेळा बोलायचे, मोबाइलवर छोटे चित्रपट दाखवायचे. सरकारी योजनेचा कागद अडला असेल तर तोही सोडवायचा. हे आम्हांला फार पटले. ज्याच्या पेन्शनीचा अर्ज अडला आहे, त्याला नुसता धीर देऊन काय उपयोग?

आता कुणी म्हणेल, बोलायला शिकायचे काय? बाबांनो, बोलायला नाही, ऐकायला शिकायचे! आपली सवय अशी, की समोरचा दोन वाक्ये बोलला की आपण उपदेश सुरू करतो. (आम्ही मास्तर लोक तर यात पुढे.) सोबत्याला हे आवरावे लागते. झोप कशी, जेवण कसे, कामात मन लागते का, हे विचारायचे. मग एखादे लहान काम ठरवायचे. उद्या सकाळी मळ्यापर्यंत चालत जायचे, एवढेच. ते झाले की पुढचे.

एका घरचे दुसऱ्या घरी सांगायचे नाही. मात्र एक अपवाद आहे. "जीव नकोसा झाला का?" असे सरळ विचारावे. विचारल्याने मनात तसे येते, हा समज खोटा आहे. "हो" म्हणाला तर त्याला एकटे सोडू नये. घरच्यांना सांगावे, दवाखान्यात न्यावे. तेथे गुपित ठेवायचे नसते.

सोबत्याने औषध देऊ नये. डॉक्टरचे औषध बंद करायलाही सांगू नये. हे ज्याला कळले नाही, त्याला शिकलेला म्हणू नये.

दाखल्याचे काय? अमेरिकेत जॉर्जिया राज्याने १९९९ सालापासून अशा सोबत्यांचा पगार सरकारी आरोग्य योजनेतून दिला. पुढे २००७ साली तेथील केंद्र सरकारने अट सांगितली: शिक्षण हवे, दाखला हवा, आणि वर जाणत्याची देखरेख हवी. आपल्याकडे २०२१ च्या कायद्याने आरोग्याच्या कामांची जी यादी केली, तीत मानसिक आरोग्याचे सहाय्यक आले आहेत. आम्ही जन्मभर मुलांना दाखले लिहून दिले. तरी या तीन अटींत देखरेख आम्हांला सर्वांत मोठी वाटते. दुसऱ्याचे दुःख रोज ऐकणारा स्वतःही थकतो. त्याचे ऐकणारे कुणी हवे.

तुमच्या गावात सोबती नसेल तर १४४१६ हा नंबर फिरवा. ही सरकारची टेलिमानस सेवा. पैसे लागत नाहीत, मराठीत बोलता येते, रात्रीही चालते. समोरासमोर दाखवायचे असेल तर जळगावचे किंवा धुळ्याचे सरकारी वैद्यकीय महाविद्यालयाचे रुग्णालय गाठा, आणि केसपेपर काढताना "मानसोपचार विभाग" एवढे सांगा.