ज्यांनी पावडर घेतलीच नव्हती
छोटा, नवा धंदा बड्या कंपनीपुढे टिकतो कसा, असं गटाच्या बैठकीत हमखास विचारलं जातं. निरमाचंच बघा. १९६९ साली अहमदाबादचे करसनभाई पटेल सरकारी नोकरी सांभाळून घरामागे हाताने धुण्याची पावडर कालवायचे आणि सायकलवरून दारोदार विकायचे. किलोला तीन-साडेतीन रुपये. सर्फ तेव्हा तिप्पट-चौपट महाग, म्हणून साध्या घरात साबणाची वडीच चालायची. ही वडीवाली घरंच त्यांचं गिऱ्हाईक झाली.

इतकी स्वस्त परवडली कशी? त्यात फॉस्फेट नाही, मोठं यंत्र नाही, मध्ये दलाल नाही. हाताला झोंबायची खरी, पण धुणं निघायचं! बड्या कंपनीने या गिऱ्हाइकाकडे बरीच वर्षं लक्षच दिलं नाही. १९८७ मध्ये तिने स्वस्त व्हील आणली, तोवर निरमा खपात सर्फच्या पुढे गेली होती.

आपण मात्र गटाचा मसाला शहरी ब्रँडच्या भावाने लावतो आणि खपला नाही की जाहिरात नाही म्हणतो. मला हे पटत नाही. पुढच्या बैठकीत आधी एवढं विचारा: गावात तयार मसाला आज कोणकोण घेत नाही, आणि का?