शेवटच्या बाकावरून दिसतंय का?

आपल्याकडे शाळेला काही द्यायचं म्हटलं की गाव मागे हटत नाही. महाड-पोलादपूरकडच्या वाड्यांवरची कर्ती माणसं मुंबईला. ती गणपतीला, नाहीतर शिमग्याला गावी आली की ग्रामस्थ मंडळाची बैठक बसते, वर्गणी निघते आणि कुणीतरी उठून म्हणतं, "यंदा शाळेला प्रोजेक्टर देऊ!" टाळ्या पडतात. मग नारळ फुटतो, फोटो निघतो. आणि दोन पावसाळे गेले की कित्येक ठिकाणी तोच प्रोजेक्टर कपाटात टॉवेलात गुंडाळून ठेवलेला सापडतो.

मी महाडला माध्यमिक शाळेत विज्ञान शिकवते. त्यामुळे ओळखीच्या बायका बाजारात गाठून विचारतात, "बाई, कुठल्या कंपनीचा घ्यावा हो?" मी सांगते, कंपनीचं नाव सगळ्यात शेवटी. आधी आपला वर्ग बघा, आपला पाऊस बघा, आपली वीज बघा.

"आमचं कोण ऐकतंय?" असं मात्र म्हणू नका हं. २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याप्रमाणे शाळा व्यवस्थापन समितीत तीन चतुर्थांश सदस्य पालक असावे लागतात आणि समितीत निम्म्या स्त्रिया असाव्या लागतात. समितीवर असाल, तर नुसती सही करून उठू नका. पैसा मुंबईहून आला तरी वस्तू रोज आपल्याच मुलांपुढे चालायची आहे.

साडी उजेडात बघतो ना?

दुकानातल्या दिव्याखाली साडीचा रंग फसवतो, म्हणून आपण ती दारापाशी नेऊन बघतो. प्रोजेक्टरचं नेमकं उलटं आहे. दुकानात अंधार करून दाखवला की कुठलाही प्रोजेक्टर झकास दिसतो. आपल्या वर्गात मात्र चार खिडक्या असतात आणि पडदे नसतात.

यामागचं कारण सोपं आहे. प्रोजेक्टर भिंतीवर फक्त उजेड टाकतो, काळा रंग त्याला टाकताच येत नाही. चित्रातला काळा भाग म्हणजे जिथे त्याचा उजेड पडलेला नाही ती भिंत. त्याच भिंतीवर खिडकीतलं ऊन आलं, तर काळं करडं होतं आणि अक्षरं पुसल्यासारखी दिसतात.

हा उजेड मोजायचं माप म्हणजे ल्युमेन. खोली पूर्ण अंधारी करता येत असेल, तर दीड-दोन हजार ल्युमेनवर भागतं. खिडक्या उघड्या ठेवून शिकवायचं, तर तीन-साडेतीन हजार हवेत. पण खोक्यावरच्या आकड्यावर जाऊ नका. पाच-सात हजारांच्या छोट्या प्रोजेक्टरवरही नऊ-नऊ हजार ल्युमेन छापलेले असतात! दुकानदाराला स्पष्ट विचारा, "हे अन्सी किंवा आयएसओ ल्युमेन आहेत का?" हे ठरलेल्या पद्धतीने मोजलेले आकडे असतात. तो घुटमळला, तर समजून जा. चांगल्या कंपनीचा तीन हजारांवरचा प्रोजेक्टर साधारण पस्तीस-चाळीस हजारांपासून पुढे मिळतो.

सगळ्यात खात्रीची परीक्षा आपल्याच हातात आहे. दुकानदाराला म्हणावं, शाळेत आणून दाखवा. दुपारी बारा वाजता, खिडक्या उघड्या ठेवून. आणि आपण पुढे खुर्चीवर न बसता थेट शेवटच्या बाकावर बसावं. तिथून धड्यातली ओळ वाचता आली, तर पुढचं बोलणं करायचं.

टेप घेऊन वर्ग मोजा

चित्र किती मोठं हवं, याचा एक सोपा हिशेब आहे. भिंतीपासून शेवटच्या बाकापर्यंतचं अंतर मोजा आणि त्याला सहाने भागा. येईल तेवढी तरी चित्राची उंची हवी. वीस फुटांचा वर्ग असेल तर सव्वातीन-साडेतीन फूट, म्हणजे साधारण ८० इंची चित्र.

हाच हिशेब उलटा करून बघितला, तर लहान वाडीवरच्या शाळेचे पैसेही वाचतील. ४३ इंची टीव्हीचा पडदा पावणेदोन फूट उंच असतो, म्हणजे दहा फुटांपर्यंत बसलेल्या मुलांना तो पुरतो. दहा-बारा मुलांची द्विशिक्षकी शाळा असेल, तर मुलांना सतरंजीवर टीव्हीपुढे बसवा. तो भर उजेडात दिसतो, वीज कमी खातो आणि किमतीलाही स्वस्त पडतो. प्रोजेक्टरच हवा, हा मान-अपमानाचा मुद्दा करू नये. चाळीस-पन्नास मुलांच्या वर्गात मात्र टीव्ही पुरत नाही.

दुसरं माप प्रोजेक्टर आणि भिंत यांच्यातल्या अंतराचं. साध्या प्रोजेक्टरला सहा फूट रुंद चित्रासाठी आठ-नऊ फूट मागे ठेवावं लागतं. मग बाईंची सावली फळ्यावर पडते, डोळ्यांवर झोत येतो आणि वायरीत मुलांचे पाय अडकतात. 'शॉर्ट थ्रो' नावाचा प्रकार तेच चित्र तीन-चार फुटांवरून टाकतो. थोडा महाग, पण शिकवणारीला फळ्यापाशी उभं राहता येतं. मुलांनी भिंगात डोकावू नये, ही ताकीद मात्र पहिल्याच दिवशी द्यायची.

पडद्यावर खर्च नको असेल, तर भिंतीला पांढरा, चमक नसलेला रंग द्या. ऑइलपेंट नको, त्यावर झोत चकाकतो.

दिव्याचं आयुष्य आणि आपला पाऊस

विक्रेता सांगेल, "लेझरचा घ्या, वीस हजार तास चालतो." आता गणित मांडू या. सहावी ते आठवीसाठी कायद्याने वर्षाला २२० दिवस शाळा. रोज दोन तास लावला, तरी वर्षाचे ४४० तास. वीस हजार तास संपायला पंचेचाळीस वर्षं लागतील! साध्या दिव्याचे चार हजार तासही नऊ वर्षं पुरतात. मग दिवे लवकर का जातात? बऱ्याचदा उष्णतेने आणि धुळीने.

दिव्याच्या प्रोजेक्टरमध्ये पंखा असतो. बंद केल्यावरही तो थोडा वेळ फिरून दिवा थंड करतो. मध्येच वीज गेली की पंखा थांबतो, दिवा तापलेलाच राहतो आणि त्याचं आयुष्य घटतं. आपल्याकडे पावसात वीज किती वेळा जाते, ते मी सांगायला नको. म्हणून प्रोजेक्टरच्या पैशातच इन्व्हर्टरचे पैसे धरा. ते जमणार नसेल, तर लेझर किंवा एलईडीचा विचार करा. पंचेचाळीस वर्षांचा मोह सोडा, पण असं अचानक बंद पडणं ते जास्त सोसतात, हा त्यांचा खरा फायदा.

पावसाळ्यात इथे तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. चपलांना, पुस्तकांना बुरशी येते, तशीच ती भिंगालाही येते. प्रोजेक्टर टॉवेलात गुंडाळू नका, टॉवेल ओल धरतो. घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांसोबत ठेवा आणि आठवड्यातून दोन-तीनदा अर्धा तास तरी लावा. वापरात राहिलेलं यंत्रच टिकतं. हवेची जाळी महिन्यातून एकदा झटका. आणि पत्र्यावर जुलैचा पाऊस कोसळत असताना प्रोजेक्टरचा आतला आवाज पहिल्या बाकावरही पोचत नाही, तेव्हा वेगळा स्पीकर घ्याच.

महाडकरांना आणखी एक सांगणं. २२ जुलै २०२१ च्या पुरात शहरातले तळमजले बुडाले, त्याच दिवशी तळियेवर दरड कोसळली. त्या दिवसानंतर आपण घरातलं सामानही वेगळ्या नजरेने लावतो. शाळेतलं यंत्रही वरच्या मजल्यावर किंवा चटकन काढून नेता येईल असंच बसवा.

दाखवायचं काय?

भिंतीवर चित्र पाडून लोकांना थक्क करण्याची हौस आपल्याकडे जुनी आहे. कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धनांनी १८९२ च्या सुमारास रंगवलेल्या काचांवरून 'शांबरिक खरोलिका'चे खेळ सुरू केले, तेव्हा मुंबईत सिनेमा यायचा होता. पण थक्क होणं वेगळं आणि शिकणं वेगळं. सोलापूर जिल्ह्यातल्या परितेवाडीच्या रणजितसिंह डिसले गुरुजींना २०२० मध्ये जागतिक शिक्षक पुरस्कार मिळाला. धड्यांना क्यूआर कोड जोडून त्यामागे मुलांना समजेल असं साहित्य उभं करणं, हे त्यांचं काम. यंत्र त्यानंतर येतं.

चवदार तळं दाखवायला महाडच्या मुलांना प्रोजेक्टर कशाला? चालत घेऊन जा. उलट धडधडणारं हृदय, ज्वालामुखीच्या पोटातला भाग, पेशीची फाळणी हे डोळ्यांनी दिसत नाही, ते दाखवा. माझा आवडता धडा सावित्री नदीचा. उपग्रहाच्या नकाशात महाबळेश्वरपासून निघायचं, पोलादपूरवरून महाडला यायचं आणि बाणकोटच्या खाडीपाशी समुद्राला मिळायचं. मध्येच पोरं ओरडतात, "बाई, थांबा, आमची वाडी!" मग डोंगरावरचं पाणी आणि भरतीचं पाणी एकाच वेळी आलं की महाड का बुडतं, हे समजावायला वेगळं पाठांतर लागत नाही.

हे सगळं घाटातल्या शाळेत इंटरनेटवर विसंबून होत नाही. शहरात आलं की पाठ उतरवून घ्यायचे, पेन ड्राइव्हवर न्यायचे. म्हणून पेन ड्राइव्ह थेट चालतो का, हेही घेतानाच बघायचं.

तेव्हा मैत्रिणींनो, पुढच्या बैठकीत हा विषय निघाला की चार गोष्टी कागदावर लिहून घ्या. वर्गाची लांबी किती? वीज गेली तर काय? नवा दिवा केवढ्याचा आणि दुरुस्ती महाडात होते की मुंबईला पाठवावा लागतो? आणि रोज लावणार कोण? या चौथ्याचं उत्तर एखाद्या शिक्षिकेच्या नावानिशी मिळालं पाहिजे. जमलेल्या वर्गणीतले पाच-दहा हजार शाळेच्या खात्यावर देखभालीसाठी राखून ठेवा. नारळ फोडायचा मान मुंबईकरांना खुशाल द्या. शेवटच्या बाकावर बसून बघायचं काम मात्र आपण करायचं, कारण त्या बाकावर आपलीच लेक बसणार आहे.