माग बिघडलाच नव्हता!

‘लोकी’चा दुसरा सीझन अजून बघितला नसेल, तर इथेच थांबा. पुढे भरपूर स्पॉइलर आहेत आणि ते टाळून या विषयावर बोलताच येत नाही.

बघितलाय? मग टीव्हीएच्या खिडकीबाहेरचा तो अवाढव्य ‘टेम्पोरल लूम’ आठवत असेलच. काळाचा माग. कच्चा काळ आत जातो आणि विणून त्याची टाइमलाइन बाहेर पडते. कल्पना मार्व्हलची वाटते, पण आपल्याकडे ती फार जुनी आहे बरं का! महाभारताच्या आदिपर्वात उत्तंक नावाचा शिष्य चोरीला गेलेली कुंडलं शोधत नागलोकात पोहोचतो. तिथे त्याला मागावर बसलेल्या दोन स्त्रिया दिसतात. त्या काळ्या-पांढऱ्या धाग्यांचं वस्त्र विणतायत आणि तिथेच सहा मुलं बारा आऱ्यांचं चक्र फिरवतायत. नंतर गुरू उलगडा करतात: त्या स्त्रिया म्हणजे धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, चक्र म्हणजे वर्ष, मुलं म्हणजे सहा ऋतू.

टीव्हीएच्या मागावर मात्र कुणीच बसलेलं नाही. तो आपला आपण चालतो. ही गोष्ट लक्षात ठेवा.

तर झालं काय? २०२१च्या पहिल्या सीझनच्या शेवटी सिल्वीने ‘ही हू रिमेन्स’ला मारलं आणि एका टाइमलाइनला अगणित फांद्या फुटल्या. प्रत्येक फांदी म्हणजे माणसांनी भरलेलं एक अख्खं जग. माग बनवला होता एका धाग्यासाठी आणि आत घुसले अनंत धागे. तो थरथरायला लागला, तापायला लागला. फुटला तर टीव्हीए खलास आणि सगळ्या फांद्याही.

यावर तळघरातल्या रिपेअर खात्याचा ओ.बी. उपाय काढतो: थ्रूपुट मल्टिप्लायर. थोडक्यात, मागाची क्षमता वाढवा. (के हुई क्वानने हा माणूस असा काही केलाय की आपल्या कॉलेजच्या लॅबमध्येही असा एक असावा असं वाटतं.) पण ते यंत्र बसवायला रेडिएशनमधून चालत जावं लागतं. चौथ्या भागात व्हिक्टर टाइमली निघतो आणि दोन पावलांत बिचाऱ्याचे धागे धागे होतात. पाठोपाठ माग फुटतो आणि स्क्रीन पांढरी. हा टाइमली त्याआधी आपल्याला १८९३च्या शिकागो जागतिक प्रदर्शनात मागाची छोटी प्रतिकृती दाखवताना भेटलेला असतो. याच प्रदर्शनाच्या निमित्ताने भरलेल्या सर्वधर्म परिषदेत विवेकानंद बोलले होते. मालिकेत तो उल्लेख नाही, पण आपल्याला आठवल्याशिवाय राहत नाही.

शेवटच्या भागात लोकी पुन्हा पुन्हा मागे जातो. तरी जमेना, म्हणून चक्क फिजिक्स शिकायला बसतो. आपण सेमिस्टरच्या आदल्या रात्री पुस्तक उघडतो, हा गडी काही शतकं बसला! अखेर मल्टिप्लायर बसतो. सगळे टाळ्या वाजवतात. आणि माग पुन्हा ढासळतो. कारण सोपं आहे. क्षमता दुप्पट करा, हजारपट करा, फांद्या अनंत असतील तर त्या कायम जास्तच राहणार.

खरा धक्का त्यानंतर बसतो. ही हू रिमेन्स सांगतो, की हा बिघाड नाहीच. लूम म्हणजे फेलसेफ. लोड वाढला की ‘नको असलेल्या’ सगळ्या फांद्या पुसायच्या आणि त्याची लाडकी ‘सेक्रेड टाइमलाइन’ तेवढी ठेवायची, यासाठीच तो बनवलाय.

इचलकरंजी, मालेगावकडच्या मुलांना माग समजावून सांगायला नको. उभा धागा तुटला की माग आपोआप थांबावा अशी सोय असते, नाहीतर कापडात दोष राहतो. तिथे सुरक्षा कापडाची. इथे सुरक्षा फक्त मालकाच्या डिझाइनची. आणि अख्खा सीझन टीव्हीएतली भली माणसं, ओ.बी.सकट, हाच सापळा जीव तोडून दुरुस्त करत होती! ‘सिस्टीमवर लोड आलाय’ हे वाक्य आपण अॅडमिशनपासून हॉस्टेलपर्यंत इतकं ऐकतो, की सिस्टीम किती जणांसाठी बनवली होती हे विचारायचंच राहून जातं. सिल्वीला हे बरंच आधी कळलं होतं. कधी कधी मोडणंही ठीक असतं, असं ती लोकीला सांगते. तिच्या वाट्याला आणखी सीन यायला हवे होते, ही माझी जुनी तक्रार.

आता लोकीसमोर दोनच रस्ते. सिल्वीला मारून जुनी व्यवस्था टिकवायची, नाहीतर सगळं जळताना बघायचं. तो तिसरंच करतो. एकटाच त्या पुलावर निघतो. अंगावरचे कपडे रेडिएशनने फाटत जातात, खालून हिरवा पोशाख आणि शिंगांचा मुकुट दिसायला लागतो. तो मागच फोडतो. सुटलेल्या फांद्या करपायला लागतात. तो त्या हातात गोळा करतो, जादूने जिवंत करतो, ओढत ओढत सिंहासनापर्यंत नेतो आणि बसतो. कॅमेरा लांब जातो तेव्हा त्या धाग्यांचं झाड झालेलं असतं, नॉर्स पुराणातल्या इग्द्रासिलसारखं. माग उरलेला नाही. झाडाच्या मधोमध एकजण सगळे धागे मुठीत धरून बसलाय आणि त्याला आता तिथून उठता येणार नाही.